गेटच्या आतलं काम

सिनेमा मुंबईत आला तो ७ जुलै १८९६ ला, काळा घोड्याजवळच्या वॉटसन हॉटेलात. तिकीट एक रुपया. फ्रान्सच्या ल्युमिए बंधूंच्या माणसानं त्या दिवशी सहा छोट्या फिल्म्स दाखवल्या. त्यातल्या एकीत आगगाडी स्टेशनात शिरत होती, हे बहुतेकांना माहीत असतं. पण आणखी एकीत ल्यों शहरातल्या कारखान्याचं गेट उघडत होतं आणि आतून कामगार बाहेर पडत होते. बायका, पुरुष, एखादी सायकल. पाऊण मिनिटात खेळ खलास! आदल्याच वर्षी काढलेली ही फिल्म जगातल्या अगदी पहिल्या फिल्म्सपैकी एक.

गंमत अशी की तो कारखाना ल्युमिएंचाच होता. मालकानंच आपल्या कामगारांची फिल्म काढलेली. म्हणजे जगातली पहिली कॉर्पोरेट फिल्म म्हणा ना! आणि तिच्यात काम दिसतच नाही. दिसतं ते काम सुटणं. कॅमेरा गेटच्या बाहेर उभा आहे.

हे मला एवढं लागायचं कारण म्हणजे माझा धंदा. मी कॉर्पोरेट फिल्म्सची प्रोड्यूसर आहे. बजेट करायचं, शूटच्या परवानग्या काढायच्या, जेवणाचे डबे मोजायचे आणि क्लायंटला ‘हो सर, होऊन जाईल’ म्हणायचं, ते माझं काम. आमचं ऑफिस लोअर परळला, एका जुन्या गिरणीच्या आवारात. तुमच्यापैकी बऱ्याच जणांचं असंच कुठेतरी असेल. गेटवर ओळखपत्र स्वाइप करायचं, डावीकडे कॉफी शॉप, उजवीकडे जिम, आणि मध्येच एक चिमणी, जिच्यातून गेली कित्येक वर्षं काहीच निघालेलं नाही.

आमच्या फिल्म्स तुम्ही पाहिल्या असतीलच. ‘आमच्याकडे काम करणं म्हणजे काय’ छापाच्या. बीनबॅगवर बसून हसणारी मुलगी, काचेवर मार्करनं बाण काढणारा मुलगा, कॅरम, वाढदिवसाचा केक. काम मात्र कुणी करत नाही. कारण लॅपटॉपसमोर बसलेला माणूस पडद्यावर तीन सेकंदांच्या वर बघवत नाही. आता मला सांगा, दिवसाचे दहा तास आपण जे करतो, ते सोडून सगळं फिल्ममध्ये येतं. मजा आहे की नाही?

तर मध्यंतरी एका क्लायंटला ‘हेरिटेज फील’ हवा झाला. ऑफिस गिरणीच्या जागेत, तर सुरुवातीला दहा सेकंद गिरणी दिसू दे. धडधडणारे माग, घामेजलेला कामगार, मग डिझॉल्व्ह होऊन आमची काचेची बिल्डिंग. “मिळेल ना असं जुनं फुटेज?” मी म्हटलं, होऊन जाईल. मनात म्हटलं, ह्यात काय मोठंसं! माझे आजोबा गिरणीत, पणजोबा गिरणीत. मालवण तालुक्यातलं आचरा आमचं गाव. आचऱ्यातल्या निम्म्या घरांत भिंतीवरच्या फोटोतला माणूस गिरणीत होता. एवढ्या माणसांचं काम कुठेतरी तर शूट झालेलं असेलच की.

मग मी शोधायला बसले.

एक सांगते. ह्या शहरात कामाची फिल्म काढायचा प्रयत्न फार पूर्वी झालाय. १९३४ मध्ये साक्षात प्रेमचंद मुंबईत येऊन सिनेमासाठी लिहीत होते. अजंठा सिनेटोनसाठी त्यांनी लिहिलेली कथा कापड गिरणीतल्या कामगारांची होती, दिग्दर्शक मोहन भवनानी. सिनेमाचं नाव ‘मजदूर’, ‘द मिल’ म्हणूनही तो ओळखला जातो. मुंबईच्या सेन्सॉरनं तो अडवला. ज्या शहराची गोष्ट, त्याच शहरात बंदी! आज त्याची प्रिंटही सापडत नाही. म्हणजे गिरणीचा गाजलेला सिनेमा आहे, फक्त तो बघता येत नाही.

स्वातंत्र्यानंतर सरकारनं १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन काढलं. आपल्या आईवडिलांना विचारा, मेन पिक्चरच्या आधी समाचारचित्र लागायचं, तेव्हा लोक बाहेर वेफर्स घ्यायला जायचे. त्यात धरणं होती, पोलादाचे कारखाने होते. भिलाई होतं! रशियाच्या मदतीनं उभं राहिलेलं भिलाई म्हणजे आपल्याकडचं अस्सल समाजवादी औद्योगिक शहर. सरकारी कारखाना, सरकारी क्वार्टर्स, सरकारी शाळा, दवाखाना. १९५९ च्या फेब्रुवारीत राष्ट्रपती राजेंद्र प्रसादांच्या हस्ते तिथली पहिली झोतभट्टी सुरू झाली. कारखाना सरकारचा, कॅमेराही सरकारचा, मग गेट उघडायला कितीसा वेळ लागणार!

पण आत गेलेल्या कॅमेऱ्याची वेगळीच पंचाईत असते. पोलंडच्या आंद्रे वायदाचा ‘मॅन ऑफ मार्बल’ (१९७७) मिळाला तर जरूर बघा. नोव्हा हुता नावाचं, पोलादाच्या कारखान्याभोवती वसवलेलं समाजवादी शहर. तिथल्या एका गवंड्याला सरकारी प्रचारपट ‘हीरो’ करतात, त्याचा संगमरवरी पुतळा होतो, आणि मग एक दिवस तो माणूसच गायब. वीस-पंचवीस वर्षांनी एक तरुण मुलगी त्याच्यावर फिल्म करायला निघते आणि जुनी रिळं उलगडते. प्रत्येक दार तिच्या तोंडावर बंद होत जातं. माझ्यासारख्या परवानग्यांवर जगणाऱ्या बाईला तो सिनेमा थ्रिलरसारखा वाटला. त्यातली मेख अशी की रिळांत विटा रचणारा माणूस दिसतो, पण तो दिसावा म्हणून विटा रचल्या जात असतात.

आपलं गिरणगाव काही भिलाई नव्हतं. १८५० च्या दशकात ताडदेवला पहिली गिरणी निघाली तेव्हापासून मालक खासगी. सरकारकडे काही गिरण्या आल्या त्या १९७४ च्या राष्ट्रीयीकरणानंतर आणि पुन्हा १९८३ मध्ये. पण माणसं? माणसं लाल बावट्याची. १९२८ च्या संपातून उभी राहिलेली गिरणी कामगार युनियन, कॉम्रेड डांगे, अण्णाभाऊ साठे आणि अमर शेखांचं कलापथक. आणि हीच माणसं गावी मनीऑर्डर पाठवत होती, तो आमचा राजापूर मतदारसंघ आधी नाथ पैंना आणि मग मधु दंडवत्यांना, म्हणजे लागोपाठ दोन समाजवाद्यांना लोकसभेत पाठवत होता. घटनेच्या प्रास्ताविकेत ‘समाजवादी’ हा शब्द १९७६ मध्ये आला. आमच्याकडे तो पोस्टमनच्या पिशवीतून त्याच्या कितीतरी आधी पोचला होता.

आणि फिल्म्स? आहेत ना! आनंद पटवर्धनांचं नाव तुम्ही ऐकलं असेल. आपल्या फिल्म्सचे निर्माते, दिग्दर्शक, बऱ्याचदा कॅमेरामन आणि एडिटरही तेच. त्यांची ‘ऑक्युपेशन : मिल वर्कर’ १९९६ ची, फक्त बावीस मिनिटांची. चार वर्षं टाळं लागलेली न्यू ग्रेट ईस्टर्न मिल कामगारांनी स्वतःच ताब्यात घेतली, त्याची. अंजली माँटेरो आणि के. पी. जयशंकर यांनी टाटा समाजविज्ञान संस्थेतून २००१ मध्ये ‘साचा’ केली. कवी नारायण सुर्वे आणि चित्रकार सुधीर पटवर्धन यांच्या नजरेतून दिसणारं गिरणगाव. अरुण खोपकरांनी सुर्व्यांवर वेगळा माहितीपट केला. नीरा आडारकर आणि मीना मेनन यांनी शंभराच्या आसपास माणसांच्या आठवणी गोळा करून २००४ मध्ये जाडजूड पुस्तक केलं. जयंत पवारांच्या ‘अधांतर’ नाटकावरून महेश मांजरेकरांचा ‘लालबाग परळ’ २०१० मध्ये आला.

मी एकामागून एक बघत, वाचत गेले आणि हळूहळू एक गोष्ट लक्षात आली. संप आहे. १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेला, अडीच लाखांच्या आसपास कामगारांचा, अधिकृतपणे कधी मागे न घेतलेला संप. मोर्चे आहेत, डॉ. दत्ता सामंत आहेत, टाळी आहेत, चाळी आहेत, उद्ध्वस्त घरं आहेत, कविता आहे. सगळं हवंच होतं आणि ह्या लोकांनी ते केलं नसतं तर तेही उरलं नसतं. पण मला हवे होते दहा सेकंद! एक माणूस, एक साचा, एक साधासुधा मंगळवार. ज्या दिवशी काहीही घडलं नाही, असा दिवस. तो काही मला मिळेना.

आणि का मिळेना, हे प्रोड्यूसरला सांगायला नको. लोकेशन परमिशन. गिरणी चालू होती तेव्हा गेट मालकाचं होतं. मालकानं कशाला कुणाला आत घेऊन दमट, धुळीनं भरलेली खाती दाखवावीत? कॅमेरा आत जाऊ शकला तो गिरणी बंद पडल्यावर किंवा गेट कामगारांच्या हातात आल्यावर. तोवर काम संपलेलं होतं.

मग मी सुट्टी टाकली, लॅपटॉप घेतला आणि रात्रीच्या गाडीनं कणकवली गाठली. तिथून आचरा.

माझे आजोबा आता सत्त्याऐंशी वर्षांचे आहेत. सतराव्या वर्षी मुंबईला गेले ते आचऱ्याच्या गावकरी खोलीत. ही खोली म्हणजे आजच्या पेइंग गेस्टची आजी. दहा बाय बाराच्या जागेत वीस-पंचवीस माणसं, सगळी एकाच गावची. प्रत्येकाची एक पत्र्याची पेटी आणि भिंतीवर एक खुंटी. पहिल्या पाळीचे उठले की तिसऱ्या पाळीचे त्याच वळकटीवर आडवे होणार. जेवण जवळच्याच एका बाईच्या खाणावळीत. आजोबा आधी बदली कामगार, म्हणजे रोज सकाळी गेटवर उभं राहायचं आणि कुणाचा खाडा असेल तर काम, नाहीतर परत. मग कायम झाले, साचेखात्यात. संपानंतर दोन वर्षं वाट बघितली आणि पेटी घेऊन आचऱ्याला परतले. तेव्हा ते सेहेचाळीस वर्षांचे होते. आज आपल्याकडे सेहेचाळिसाव्या वर्षी माणूस व्हाइस प्रेसिडेंट होतो.

त्यांना ऐकू कमी येतं. पण टीव्ही ते आवाज बंद करून बघतात आणि बातम्या तरीही त्यांना कळतात! लहानपणी आम्हाला ती जादू वाटायची. साचेखात्यात शेकडो माग एकदम चालत, आवाज असा की शेजारच्याचं ओरडणं ऐकू जायचं नाही. सगळा व्यवहार ओठांवर आणि खुणांवर. पंचवीसेक वर्षांत कान गेले आणि डोळे ऐकायला शिकले.

संध्याकाळी पडवीत लॅपटॉप उघडून मी त्यांना पटवर्धनांची फिल्म लावून दिली. त्यांनी ती शांतपणे पाहिली. पडद्यावर बोलणाऱ्या माणसांकडे त्यांचं फारसं लक्ष नव्हतं, ते मागे काय दिसतंय ते शोधत होते. बावीस मिनिटं झाली. म्हणाले, “पुन्ना लाव.” दुसऱ्यांदा बघून झाल्यावर मी माझा कॅमेरा काढला.

“ह्यां शूटिंग कित्याक गो?”

मी म्हटलं, तुमच्याबद्दल. त्यांनी हात झटकला. कॉलेजची पोरं प्रोजेक्टसाठी येऊन गेलेली, पेपरवाले येऊन गेलेले. सगळ्यांचे प्रश्न तेच. संपात काय झालं, घर कसं चाललं, डॉक्टर सामंतांबद्दल काय वाटतं.

“संपाचा सगळे इचारतत,” ते म्हणाले. “कामाचा कोण इचारणा नाय.”

मी म्हटलं, मी कामाचंच विचारायला आलेय.

ते थोडा वेळ माझ्याकडे बघत राहिले. मग उठून आतून दोन पाट आणले, उभे करून समोरासमोर ठेवले. हा एक साचा, हा दुसरा. मध्ये आपण. आणि सत्त्याऐंशी वर्षांचा तो माणूस पडवीत काम करायला लागला.

उजव्या हातानं दांडा ओढायचा, साचा सुरू. पाठ वळवायची, दुसरा सुरू. मधल्या अरुंद वाटेत सारखं मागेपुढे. डोळे सुतावर. एक तार तुटली की थांबव, दोन टोकं चिमटीत घे, गाठ मार, फणीतून ओवून घे, सुरू कर. तोवर मागच्या साच्याच्या धोट्यातली कांडी संपलेली. थांबव, धोटा काढ, रिकामी कांडी टाक, भरलेली घाल, सुरू कर. तेवढ्यात पुन्हा ह्या बाजूला. चहाचा कप धरताना जे हात थरथरतात, ते गाठ मारताना थरथरत नव्हते. समोर सूत नव्हतं, गाठ नव्हती. पण गाठ बसल्याचं मला दिसलं. अशी आठ तास, असं त्यांनी बोटांनी सांगितलं. खिडक्या बंद, कारण हवा कोरडी झाली की सूत तुटतं. म्हणून खात्यात मुद्दाम दमटपणा ठेवायचा. केसांवर, भुवयांवर कापसाची लव. पहिली पाळी सकाळी सातची. भोंगा व्हायचा, तो मात्र ऐकू यायचा.

एका खुणेशी मी त्यांना थांबवलं. नवी कांडी घातल्यावर त्यांनी धोटा तोंडाशी नेला आणि श्वास आत ओढला. हे काय? तर धोट्याला बारीक भोक असतं, त्यातून सुताचं टोक बाहेर यायला हवं. सुईत दोरा ओवायला वेळ कुणाला आहे! भोकाला ओठ लावायचे आणि सूत ओढून घ्यायचं. दिवसातून कित्येक वेळा. एकाचा धोटा दुसऱ्या पाळीत दुसऱ्याच्या तोंडी.

आणि इथे मला शाळेत कधीच न शिकवलेली गोष्ट आठवली. साचेखात्यात पगार बरा, पण तिथे दलित कामगारांना काम मिळत नसे, कारण हाच धोटा. उष्ट्या सुताचा विटाळ! १९२८ च्या मोठ्या संपात डॉ. आंबेडकरांनी हा मुद्दा लावून धरला होता. लाल बावट्याखाली एकत्र चालणारी माणसं गेटच्या आत गेल्यावर वेगवेगळ्या खात्यांत वाटली जात होती.

मी आजोबांना विचारलं. कॅमेरा चालू होता. ते पाटावर बसले आणि बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, “माझ्या बापाशीच्या वेळेक साचेखात्यात आमचीच माणसां. म्हणान तेका काम मिळाला. आणि तो होतो म्हणान माका.”

एवढंच. सफाई नाही, समर्थन नाही. माझं इंग्लिश मीडियम, माझी डिग्री, माझं लोअर परळचं स्वाइप कार्ड, ह्या सगळ्याची सुरुवात एका धोट्याशी आहे आणि तो धोटा सगळ्यांच्या ओठांपर्यंत पोचू दिला जात नव्हता, हे मला माझ्या गावच्या पडवीत कळलं. मोर्च्याच्या फुटेजमध्ये हे कधी दिसलं नसतं. मोर्च्यात सगळे एका रांगेत असतात. कोण कुठल्या खात्यात, हे कळायला गेटच्या आतच जावं लागतं.

आचऱ्याचं नाव तुम्ही कदाचित ऐकलं असेल ते गावपळणीमुळे. दर तीन-चार वर्षांनी ग्रामदैवत रामेश्वराचा कौल घेऊन अख्खा गाव बाहेर पडतो. माणसं, गुरं, कोंबड्या, कुत्री-मांजरं, सगळे वेशीबाहेर झोपड्या बांधून तीन दिवस तीन रात्री राहतात. घरांना कुलपं, देवळात शुकशुकाट, रस्त्यावर चिटपाखरू नाही. मग पुन्हा कौल घ्यायचा, आणि देवानं हो म्हटलं की परतायचं. दर खेपेला चॅनेलवाले ओबी व्हॅन घेऊन येतात, अलीकडे तर ड्रोन उडतात. रिकाम्या गावाचे काय सुंदर शॉट्स असतात म्हणून सांगू!

पण त्याच गावातून शंभर वर्षं माणसं जात होती. आधी मालवणच्या बंदरातून बोटीनं, मग एसटीच्या रात्रीच्या गाडीनं. पाठीमागे बायका, म्हातारी माणसं, पडीक होत चाललेली शेतं आणि पोस्टमनची वाट. ती गावपळण कुणी शूट केली नाही. तिला कौलही नव्हता. आणि १९८२ नंतर ती माणसं परतली, तेव्हा वेशीवर कुणी वाजतगाजत आत घेतलं नाही. मोकळे दिवस काय करायचे हे न कळणारी पंचेचाळिशीतली माणसं तिठ्यावर बसून राहिली, असं माझी आजी सांगायची.

मुंबईला परत आले. दोन पाट, थरथर थांबलेले हात, ओठांशी नेलेला न दिसणारा धोटा, अशी मी छान पन्नास सेकंदं कापली आणि क्लायंटला दाखवली. त्यांना आवडली. खूप मूव्हिंग आहे म्हणाले. आणि मग म्हणाले की फिल्मचा टोन जरा अपबीट आहे ना, तर सुरुवातीला चिमणीचा ड्रोन शॉटच ठेवू या. ठेवला. फिल्म छान झाली, टाळ्याही पडल्या. गिरणीच्या आवारात बसून आम्ही गिरणीची चिमणी बाहेरून शूट केली. बिल पास झालं.

त्यात वाईट वाटून घेण्यासारखं काही नाही. त्यांच्या पैशाची फिल्म, त्यांचं गेट. पण तेव्हापासून मी माझ्याच फिल्म्स जरा वेगळ्या नजरेनं बघते. उद्या आपल्या नातवंडांनी विचारलं की आजी, तू ऑफिसात काय करायचीस, तर काय दाखवणार आपण? बीनबॅग? ऑफसाइटचे फोटो? आपलं काम तर आणखीनच अदृश्य. दिवसभर बोटं हलतात आणि काच चमकते. तीही कधीतरी बंद होईल. रात्री दोन वाजता चुकीच्या व्हर्जनची फाइल शोधताना पोटात येणारा गोळा, एकशे चाळीस ओळींच्या शीटमधली चुकलेली एक ओळ नजरेनं पकडण्याचं कसब, समोरच्या डेस्कवरच्या मित्राला मीटिंगमध्ये नुसत्या भुवईनं दिलेला इशारा. हेही कामच. ह्यालाही हात असतात, गाठी असतात. आणि कुठल्या टीममध्ये कुणाला घेतलं जातं, कुणाला ‘कल्चर फिट’ नाही म्हणून बाहेर ठेवलं जातं, हेही गेटच्या आतच कळतं.

म्हणून एक सुचवते. गिरणी कामगारांसाठी म्हाडाच्या घरांची पहिली मोठी सोडत २०१२ मध्ये निघाली, ६,९२५ घरांची. अर्ज दीड लाखाच्या आसपास. त्यातले कित्येक आता वारसांचे आहेत, कारण मूळ माणूस राहिलेला नाही. म्हणजे हिशेब सोपा आहे. साचा चालवलेले हात आता थोडे उरलेत आणि दरवर्षी कमी होतायत. तुमच्या घरात, शेजारात, गावच्या पडवीत असा एखादा माणूस असेल तर मोबाइल काढा. त्यांच्या आयुष्याबद्दल विचारू नका, ते फार मोठं असतं आणि उत्तरं पाठ झालेली असतात. पाळी सुरू झाल्यावरच्या पहिल्या तासात काय काय करायचात, एवढंच विचारा. मग गप्प बसा आणि हातांकडे बघा. परमिशन लागत नाही, बजेट लागत नाही. ती गिरणी आता फक्त त्यांच्याच अंगात चालू आहे आणि तिचं गेट त्यांच्याच ताब्यात आहे.

माझ्यापुरतं म्हणाल तर काम वाढलंय. परवा आजोबांचा फोन आला. फोनवर त्यांना ऐकू येत नाही, त्यामुळे ते फक्त बोलतात आणि मी फक्त ऐकते. कॅलेंडरच्या पाठीमागे त्यांनी यादी केलीय. आचऱ्यात आणि आसपासच्या वाड्यांत अजून हिंडते-फिरते असे चौघं जण आहेत. दोघं सूतखात्यातले, एक जॉबर, आणि एक बाई, वाइंडिंगमधली. सगळ्यांना त्यांनी स्वतः जाऊन सांगून ठेवलंय.

“पयला तिचा घे,” ते म्हणाले. “ती बोलणा नाय जास्त, पण हात अजून चलतत. आणि गणपतीक येताना तां स्टँड घेवन ये. मागच्या वेळेक तुजो हात हलत होतो.”